विश्लेषण : अॅमेझॉनमधली गावं दूर नाहीत, नदीचं पाणी उतरलं की ती दूर जातात

२०२३ च्या ऑक्टोबरमध्ये आमच्या डिजिटल डेस्कवर मेलेल्या डॉल्फिनचे फोटो येत होते. ब्राझीलमधल्या तेफे तळ्याचं पाणी ३९ अंशांच्याही वर तापलं होतं आणि आठवडाभरात शंभराहून जास्त डॉल्फिन काठाला लागले होते. मी त्यांची फोटो गॅलरी केली आणि ती चांगली चाललीही. त्याच फोटोंमध्ये एक फोटो होता, ज्यात काही माणसं पाण्याचे कॅन घेऊन लांबच लांब वाळूतून चालली होती. तो मी गाळला. त्यात डॉल्फिन नव्हता.

ती वाळू म्हणजे नदीचं पात्र होतं आणि ती माणसं ज्या रस्त्याने एरवी होडीतून जातात, त्याच रस्त्यावरून पायी चालली होती. हे मला बरंच नंतर कळलं. तेव्हापासून ‘अॅमेझॉनमधली दुर्गम गावं’ हे शब्द बातमीत टाकताना हात थांबतो. ही गावं मुळात दुर्गम नाहीत. वर्षातले काही महिने, आणि आता वरचेवर, ती दुर्गम होतात. ती तशी होण्यात निसर्गाचा वाटा आहेच, पण सोयी कशा आखल्या गेल्या याचाही तितकाच मोठा वाटा आहे.

अंतर दिवसांत मोजतात

ब्राझीलचं आमाझोनास राज्य महाराष्ट्राच्या पाचपट मोठं आहे. त्यात ६२ नगरपालिका क्षेत्रं आहेत आणि त्यांतल्या बहुतेकांना राजधानी मानौसशी जोडणारा रस्ताच नाही. तिथे ‘किती किलोमीटर’ हा प्रश्न फारसा कामाचा नसतो. कोलंबिया-पेरूच्या सीमेवरच्या ताबाचिंगाहून मानौसला प्रवासी बोट प्रवाहाबरोबर तीन-चार दिवसांत येते, परतीला मात्र सहा-सात दिवस घेते. प्रवासी डेकवर आपापल्या झोळ्या टांगून झोपतात आणि खाली कांदे, सिमेंट, फ्रिज, कोंबड्या असा सगळा माल असतो.

पेरूतलं इकितोस तर काही लाख वस्तीचं शहर, पण देशाच्या रस्त्यांच्या जाळ्याशी जोडलेलं नाही. तिथून समुद्र नदीमार्गे सुमारे ३,६०० किलोमीटर दूर आहे आणि शहराची उंची जेमतेम शंभर मीटर. भागाकार करून पाहा: किलोमीटरमागे तीन सेंटिमीटरसुद्धा उतार पडत नाही. आपल्या बाथरूमच्या फरशीला याहून कितीतरी जास्त उतार असतो! एवढी सपाट नदी म्हणजे जहाजांसाठी फुकटात मिळालेला महामार्गच. शिवाय अॅमेझॉनच्या मुख्य प्रवाहावर आजही एकही पूल नाही.

मुख्य नदीला उपनद्या, उपनद्यांना ओढे, आणि ओढ्यांच्या काठाने वस्त्या. रस्त्याच्या भाषेत सांगायचं तर मुख्य नदी हा हायवे, उपनदी जिल्हा मार्ग आणि ओढा ही गल्ली. गल्लीत चालणाऱ्या छोट्या होडीला लांब दांड्याचं इंजिन असतं. पेरूत त्याला आवाजावरून ‘पेके-पेके’ म्हणतात. पंखा दांड्याच्या टोकाला असल्याने पाणी उथळ झालं की दांडा वर उचलायचा आणि पुढे जायचं. चार वर्षं इंजिनीअरिंग शिकलो, पण जागेच्या गरजेतून निघालेलं इतकं नेमकं डिझाइन फार थोड्या वेळा पाहिलं.

पाण्याचं वर-खाली होणं हीदेखील तिथली नेहमीचीच गोष्ट. मानौसला रिओ नेग्रो नदी वर्षाकाठी सरासरी दहा मीटर चढते-उतरते. म्हणून घरं खांबांवर किंवा तरंगत्या ओंडक्यांवर बांधतात. मानौसचा जुना धक्कासुद्धा पाण्याबरोबर वर-खाली होणारा, तरंगता आहे. काही पूरमैदानी वस्त्यांत तर शाळेचं वर्षही नदी बघून ठरतं. थोडक्यात, बदलत्या पाण्यासोबत राहायचं कसं हे या लोकांना कुणी शिकवायची गरज नाही.

मग २०२३ मध्ये वेगळं काय झालं?

मानौस बंदरात १९०२ पासून पाण्याची पातळी नोंदवली जाते. जून २०२१ मध्ये ती ३०.०२ मीटरवर गेली, तो पुराचा विक्रम होता. ऑक्टोबर २०२३ मध्ये ती १२.७० मीटरवर उतरली, तो नीचांकाचा विक्रम ठरला. तोही वर्षभरच टिकला, कारण ऑक्टोबर २०२४ मध्ये पाणी १२.११ मीटरवर गेलं. सव्वाशे वर्षांच्या नोंदवहीतला सर्वात मोठा पूर आणि सर्वात मोठा उतार अवघ्या साडेतीन वर्षांत आले. दोन्हींतला फरक जवळपास १८ मीटर, म्हणजे सहा मजली इमारतीएवढा.

वर ताबाचिंगाला तर २०२४ मध्ये पातळी ‘उणे’ दोन मीटरच्याही खाली गेली. उणे म्हणजे नदी कोरडी पडली असा अर्थ नाही. मोजपट्टी बसवताना कुठल्या तरी खुणेला शून्य धरतात आणि नदी कधी त्याच्या खाली जाणार नाही असं गृहीत धरलेलं असतं. ते गृहीतक चुकलं, एवढाच त्या उणे चिन्हाचा अर्थ. एवढाच म्हणतोय खरा, पण त्याच गृहीतकावर धक्के, डिझेलचा पुरवठा आणि दवाखान्यांच्या फेऱ्याही बेतलेल्या होत्या.

यामागे दोन कारणं एकत्र आली होती. एक एल निनो, जो आपल्यालाही त्याच वर्षी भेटला. २०२३ चा ऑगस्ट हा भारतातला १९०१ नंतरचा सर्वात कोरडा ऑगस्ट ठरला आणि ऑक्टोबरच्या शेवटी महाराष्ट्र सरकारने ४० तालुक्यांत दुष्काळ जाहीर केला. मी डॉल्फिनची गॅलरी करत होतो, तेव्हा शेजारचा सहकारी त्या तालुक्यांची बातमी लिहीत होता आणि या दोन बातम्यांचा एकमेकींशी संबंध असेल असं दोघांच्याही मनात आलं नाही. दुसरं कारण तापमानवाढ. ‘वर्ल्ड वेदर अॅट्रिब्यूशन’ या शास्त्रज्ञांच्या गटाने जानेवारी २०२४ मध्ये सांगितलं, की मातीतला ओलावा आटवणारा असा दुष्काळ हवामान बदलामुळे सुमारे ३० पट अधिक संभाव्य झाला आहे.

जमिनीवर याचा परिणाम काय झाला? युनिसेफच्या नोव्हेंबर २०२४ च्या माहितीनुसार एकट्या ब्राझीलच्या अॅमेझॉन भागात १,७०० हून अधिक शाळा आणि ७६० हून अधिक आरोग्य केंद्रं बंद पडली किंवा तिथे पोचणंच अशक्य झालं. जगातल्या सगळ्या नद्या मिळून समुद्रात जे पाणी टाकतात, त्याचा अंदाजे पाचवा हिस्सा एकट्या अॅमेझॉनचा. तिच्या काठावरची माणसं प्यायच्या पाण्यासाठी मैलोन्मैल वाळू तुडवत होती. उरलेलं पाणी साचलेलं, गढूळ आणि गरम होतं.

पाणी उतरण्याचा आणखी एक धोका आहे, ज्याबद्दल आपल्याकडे फारसं लिहिलं गेलं नाही. ३० सप्टेंबर २०२३ ला पुरुस नदीवरच्या बेरुरी भागात अरुमा या वस्तीचा मोठा भाग नदीत कोसळला आणि माणसं दगावली. ना पाऊस, ना भूकंप. मातीच्या धरणाचं डिझाइन शिकताना हे प्रकरण हमखास येतं. काठाची माती पाण्याने भिजून जड झालेली असते आणि समोरचं नदीचं पाणी तिला बाहेरून टेकू देत असतं. पाणी झपाट्याने उतरलं की तो टेकू जातो, मातीच्या आतलं पाणी मात्र तितक्या लवकर निचरत नाही. मग आख्खा काठ खचतो. काठ खचण्याला तिथे जुना शब्द आहे, ‘तेर्रास काइदास’, म्हणजे कोसळलेल्या जमिनी. शब्द जुना असला तरी त्यावर असलेल्या वस्त्या मोठ्या झाल्या आहेत.

शहराला तरंगतं बंदर, गावाला काय?

माझा मुख्य मुद्दा इथून सुरू होतो. मानौस ही ब्राझीलची कारखान्यांची नगरी आहे. १९६७ पासून करसवलतींच्या जोरावर तिथे टीव्ही, मोटारसायकली, मोबाइल जोडले जातात. २०२३ मध्ये सुटे भाग घेऊन येणारी कंटेनर जहाजं नदीत पाणी नसल्याने मानौसपर्यंत पोचेनात. पुढच्याच वर्षी, पाणी पुन्हा उतरायच्या आत, खासगी बंदर कंपन्यांनी खाली इताकोआतियारा इथे तात्पुरते तरंगते धक्के उभारले. मोठी जहाजं तिथे थांबणार, माल बार्जवर उतरवणार आणि बार्ज मानौसला जाणार.

यात चूक काहीच नाही. उलट हे चांगलं इंजिनीअरिंग आहे. खोल पाण्याचं जहाज उथळ पाण्यात जाईना, तर अदलाबदलीची जागा पुढे सरकवायची आणि शेवटचा टप्पा हलक्या वाहनाने करायचा. पण हीच कल्पना दवाखान्यासाठी, शाळेच्या जेवणासाठी, डिझेलसाठी एका वर्षात का राबवता आली नाही? टीव्हीच्या सुट्या भागांना जी सोय मिळते, ती इन्सुलिनला का मिळू नये? आडबाजूच्या वस्त्यांची वीज आजही बहुतेक डिझेल जनरेटरवर चालते आणि ते डिझेल बार्जनेच येतं. बार्ज अडली की वीज जाते, मासळीसाठी लागणारा बर्फ जातो, पाण्याचा पंप बंद पडतो. नदी उतरते तेव्हा हे सगळं एकदम कोलमडतं, कारण सगळं एकाच खोल पाण्याच्या भरवशावर उभं आहे.

सरकारचं उत्तर प्रामुख्याने दोन शब्दांत आहे: गाळ काढणं आणि रस्ता. गाळ काढल्याने मुख्य मार्गावरच्या बोटींना नक्कीच मदत होते. पण अॅमेझॉन अँडीज पर्वतातून प्रचंड गाळ आणते, त्यामुळे काढलेली जागा पुन्हा भरते. शिवाय ड्रेजर हायवेवर चालतात, गल्लीत जात नाहीत.

रस्त्याचा वाद अधिक अवघड आहे. मानौस ते पोर्तो वेल्यो हा ८८५ किलोमीटरचा बीआर-३१९ महामार्ग १९७६ मध्ये सुरू झाला आणि दहा-बारा वर्षांतच जंगलाने, चिखलाने गिळला. मधला सुमारे ४०० किलोमीटरचा पट्टा आजही कच्चा आहे. सप्टेंबर २०२४ मध्ये राष्ट्राध्यक्ष लुला दुष्काळी भागात आले, तेव्हा तो पूर्ण करण्याचा विषय पुन्हा पुढे आला. रस्त्याच्या बाजूने बोलणाऱ्यांना मी हसणार नाही. जानेवारी २०२१ मध्ये कोविडच्या लाटेत मानौसच्या रुग्णालयांतला ऑक्सिजन संपला, तेव्हा सिलिंडर भरलेले ट्रक याच रस्त्यावरून चिखलात रुतत आले होते. ज्यांच्या घरातलं माणूस तेव्हा गेलं, त्यांना ‘जंगल वाचवा’ सांगणं सोपं नाही.

तरीही नकाशा उघडा. हा रस्ता दोन शहरं जोडतो. तेफे त्याच्यापासून शेकडो किलोमीटर दूर आहे, ताबाचिंगा तर आणखी पलीकडे. ज्या १,७०० शाळा बंद पडल्या, त्यांतल्या किती त्याच्या कडेला असतील? दुसरी गोष्ट, २०१४ च्या एका अभ्यासात आढळलं, की ब्राझीलच्या अॅमेझॉनमधली सुमारे ९५ टक्के जंगलतोड रस्त्यापासून साडेपाच किलोमीटर किंवा मोठ्या नदीपासून एक किलोमीटरच्या आत झाली आहे. रस्ता आला की फाटे फुटतात आणि फाट्यांमागून करवत येते. हे जंगल स्वतःच्या पावसाचा मोठा हिस्सा स्वतःच तयार करतं. ते तुटलं तर नद्या आणखी आटतील. दुष्काळात अडकलेल्या गावांच्या नावाने रस्ता मागायचा, आणि तो त्या गावांपर्यंत जाणारही नाही, उलट त्यांची नदी उथळ करील, हे मला पटत नाही. मानौसला रस्ता हवा असेल तर तो वाद मानौसच्या नावाने व्हावा.

नदीवर चालणारी व्यवस्था

या भागात चालून दाखवलेली उत्तरं आधीच आहेत. तापाजोस नदीवर ‘आबारे’ नावाची दवाखाना-बोट २००६ पासून सुरू झाली. पुढे ब्राझील सरकारने नदीवरच्या आरोग्य केंद्रांची योजनाच आखली. पेरूमध्ये नौदलाच्या बोटी डॉक्टर, बँक आणि ओळखपत्र कार्यालय एकत्र घेऊन नद्यांवर फिरतात. तेफेच्या मामिराउआ संस्थेने सौर ऊर्जेवर बर्फ बनवून दाखवला आहे. छपरावरचं पावसाचं पाणी साठवायच्या टाक्या तर काही नवीन तंत्रज्ञान नाही.

कमी पडतं ते या बोटींचं आणि टाक्यांचं प्रमाण, आणि वेळ. मोठ्या दवाखाना-बोटीला खोल पाणी लागत असेल, तर सप्टेंबरनंतर तिच्यासोबत उथळ पाण्यातल्या चार छोट्या होड्या हव्यात, त्या लांब दांड्याच्या इंजिनाच्या. गावागावात तीन महिन्यांची औषधं, पाणी गाळायची साधनं आणि डिझेल पाणी असतानाच पोचायला हवं. हे करणं शक्य आहे, कारण नदी अचानक उतरत नाही. ब्राझीलचं भूगर्भ सर्वेक्षण खातं आमाझोनासमधल्या नद्यांच्या पातळीचा अहवाल दर आठवड्याला प्रसिद्ध करतं. पूर जूनच्या सुमारास शिखरावर असतो आणि तळ ऑक्टोबरमध्ये लागतो. मधे चार महिने मिळतात. इताकोआतियाराचे धक्के याच चार महिन्यांचा हिशोब करून उभे राहिले होते.