पोस्टरवरचं इनाम आणि हातातलं इनाम

परवा रात्री साडेदहाच्या सुमारास सात रस्त्यावर ट्रॅव्हल्सची वाट बघणाऱ्या गर्दीत एक पैलवान दिसला. पैलवान ओळखायला छाती बघावी लागत नाही, कान बघायचे. दोन्ही कान मोडलेले, उजव्या गुडघ्याला क्रेप बँडेज, पायाशी बॅग. शेजारच्या कट्ट्यावर जागा होती तरी उभाच. "बसलो तर उठवना दादा," म्हणाला.

इंडीकडच्या एका जत्रेत दुपारी कुस्ती करून आला होता. कर्नाटकातल्या मैदानांवर आपल्याकडची पोरं कायम असतात, तिकडची इकडं येतात, मातीला सीमावाद माहीत नाही. जीपवाल्यानं विजापूर रोडनं आणून इथं सोडलं होतं. आता रात्रीच्या गाडीनं कोल्हापूरला तालमीत, आणि चार दिवसांनी पुन्हा दुसरं मैदान. वय बत्तीस. दिवाळीनंतर सुरू होऊन पाऊस पडेपर्यंत चालणाऱ्या हंगामात तीस-पस्तीस कुस्त्या करतो म्हणाला. त्याचं नाव लिहीत नाही, कारण त्याला पुढच्या वर्षी त्याच गावांत जायचंय.

चहा घेताना विचारलं, काय मिळालं? हसला. पोस्टरवर चाळीस हजार छापले होते. वीस मिनिटं कुस्ती झाली, निकाल लागेना, पंचांनी बरोबरीत सोडवली. मग कमिटीतला एकजण म्हणाला, निकाल नाही म्हणजे निम्मे, आणि निम्म्याचे दोघांत. शेवटी हातात आठ हजार टेकवले, "यंदा वर्गणी कमी जमली, समजून घ्या पैलवान." त्यातून जीपचं भाडं, सोबत आलेल्या पोराचं जेवण, उद्या गुडघ्याचा फोटो काढायचा तो वेगळाच. भांडला नाहीस का? "भांडलं की पुढच्या वर्षी जोड लागत न्हाई."

जोड लावणं म्हणजे काय, हे शहरातल्या वाचकांसाठी सांगतो. यात्रा कमिटीचा माणूस वस्तादांना, ओळखीच्या पैलवानांना फोन करतो, तोलामोलाची जोडी ठरवतो, पोस्टर छापतो. एक नंबरच्या कुस्तीला लाखात इनाम, मग दोन नंबर, तीन नंबर, असं करत शेवटी लहान पोरांच्या खाऊच्या कुस्त्या. आमचा हा गडी पाच-सहा नंबरचा. सगळा व्यवहार तोंडी. कागद एकच, तो म्हणजे पोस्टर, आणि त्यावर कुणाची सही नसते.

आता मला खटकलं ते सांगतो. ज्या यात्रेत दुपारी कुस्त्या असतात त्याच यात्रेत रात्री तमाशा असतो. त्या तमाशासाठी गावोगावच्या कमिट्या पाडव्याच्या आसपास नारायणगावला जातात, राहुट्यांतून फिरतात, फडाशी रक्कम ठरवून इसार देतात. मंडपवाला, डीजेवाला तर आगाऊ घेतल्याशिवाय टेम्पो हलवत नाही. पैलवान तेवढा एकटा आधी अंग टाकतो आणि मग पैसे मागतो. (तमाशा कलावंतही काही सुखात नाहीत. पण निदान त्यांना सुपारी मिळते.)

यात माझाही हात आहे. पत्रकारितेचा डिप्लोमा करून या धंद्यात आलो त्याला वीस वर्षं झाली. जत्रांच्या किती बातम्या लिहिल्या मोजदाद नाही. "अमुक पैलवानाने पोकळ घिस्सा डावावर चितपट करत ५१ हजारांचे इनाम पटकावले." ते ५१ हजार त्याला मिळाले का, हे मी एकदाही विचारलं नाही. पोस्टरवरचा आकडा उचलायचा आणि छापायचा. आणि चार नंबरच्या खालचे सगळे "तसेच इतर कुस्त्याही प्रेक्षणीय झाल्या" या एका वाक्यात. जागा कमी पडली तर तेही वाक्य कापायचं. हा गडी त्या कापलेल्या वाक्यातला.

आपलं सगळं लक्ष गदेवर. जानेवारी २०२३ मध्ये पुण्यात महाराष्ट्र केसरीच्या उपांत्य लढतीत मोहोळचा सिकंदर शेख आणि मंगळवेढ्याचा महेंद्र गायकवाड समोरासमोर आले. दोघेही आपल्या जिल्ह्यातले. त्या टांगेचे चार गुण बरोबर होते की चूक, यावर सोलापुरातल्या प्रत्येक चहाच्या टपरीवर आठवडाभर पंच बसले होते. फेब्रुवारी २०२५ मध्ये अहिल्यानगरला निकालावरून शिवराज राक्षेनं पंचाला लाथ मारली, त्यावर तर अख्खा महाराष्ट्र बोलला. बोलावंच. पण लाथेवर जेवढं बोललो त्याच्या शंभराव्या हिश्शानं तरी इनामावर बोललोय का?

बरं, केसरी झालं की पैशाचा प्रश्न मिटतो असंही नाही. २०२२ मध्ये साताऱ्यात पृथ्वीराज पाटीलनं एकवीस वर्षांनी कोल्हापूरला गदा मिळवून दिली, आणि नंतर माध्यमांसमोर त्यानंच खंत बोलून दाखवली की गदा मिळाली, रोख बक्षीस नाही. राज्यातल्या सगळ्यात मोठ्या मैदानाच्या विजेत्याला हे बोलावं लागत असेल, तर जत्रेतल्या पाच नंबरच्या पैलवानानं कुणाकडं बोलायचं?

सरकार काहीच करत नाही असं म्हणणं खोटं ठरेल. त्याच जानेवारी २०२३ मध्ये महाराष्ट्र केसरी आणि हिंदकेसरींचं मानधन ४ हजारांवरून १५ हजार आणि वयोवृद्ध खेळाडूंचं अडीच हजारांवरून साडेसात हजार करण्याची घोषणा झाली. नरसिंग यादव, विजय चौधरी यांना पोलिसात उपअधीक्षकपद मिळालं, चांगलंच झालं. सरकारी नोकऱ्यांत खेळाडूंना ५ टक्के आरक्षणही आहे. पण ते मान्यताप्राप्त संघटनेच्या स्पर्धेतल्या पदकाच्या प्रमाणपत्रावर. जत्रेच्या मैदानाचं प्रमाणपत्र कसलं? फेटा, नारळ आणि मोबाईलमधला व्हिडिओ. दहा-बारा वर्षं मातीत घालवलेला हा माणूस कागदावर खेळाडू नाही, कामगारही नाही.

मला वाटतं उत्तर शोधायला फार लांब जायला नको. हमालाचंही असंच होतं. आज या गाळ्यावर, उद्या त्या गाळ्यावर, कायमचा मालक कुणीच नाही, म्हणून जबाबदारीही कुणाची नाही. अण्णासाहेब पाटलांनी त्यासाठी रान उठवलं आणि १९६९ मध्ये महाराष्ट्रानं माथाडी कायदा केला. ज्याच्याकडं काम त्यानं मजुरी आणि वर लेव्ही मंडळात भरायची, त्यातून हमालाची भविष्यनिर्वाह, औषधोपचार वगैरे सोय. मालक रोज बदलला तरी माणसाचं खातं एकच राहतं. पैलवानाची अडचण नेमकी हीच आहे. मैदानाची परवानगी घेताना प्रत्येक कमिटीनं जाहीर इनामाच्या काही टक्के रक्कम एका निधीत भरायची आणि त्यातून दुखापतीचा खर्च, हे अशक्य आहे का? माथाडी मंडळांतही गोंधळ आहेत, मी त्याच्याही बातम्या केल्यात. तरी काही नसण्यापेक्षा ते बरं.

यावर गावातले मित्र म्हणतील, आम्ही वर्गणीवर जत्रा करतो, कारखाना चालवत नाही. मान्य. मग चाळीस छापू नका, पंधराच छापा. पण पंधरा द्या. बरोबरीत सुटली तर किती, हे त्याच पोस्टरवर टाका. पाहुण्यांच्या सत्कारातले चार फेटे कमी करून हौद्याशेजारी एक डॉक्टर बसवा.

दुसरा आक्षेप जास्त खरा आहे. पैलवान नुरा खेळतात, आधी ठरवून बरोबरीत सोडवून घेतात. खेळतात काहीजण, मीही बघितलंय, आणि बघणाऱ्याची ती फसवणूकच आहे. पण हिशेब बघा. हरलो तर हातात जवळपास काही नाही, गुडघा गेला तर हंगाम गेला आणि चार दिवसांनी दुसरं मैदान आहे. अशा दोघांनी एकमेकांना सांभाळून घ्यायचं ठरवलं तर नवल काय? हरणाऱ्याचा आकडा आधी ठरलेला असेल तर जीव तोडून लढायला त्याला जड जाणार नाही. निकाली कुस्त्या हव्या असतील तर कमिटीनं एवढं करून बघावं.

साडेअकराला त्याची गाडी आली. पायरी चढताना डावा पाय आधी टाकला, मग दांडा धरून उजवा ओढून घेतला. क्लीनर ओरडला, "ओ पैलवान, चला लवकर!"

आमच्याकडच्या एका यात्रेची हिशेबाची बैठक पुढच्या रविवारी आहे. पोस्टरचा फोटो माझ्याकडं आहे. प्रत्येक जोडीला प्रत्यक्ष किती दिले ते विचारणार आहे, आणि मिळेल तो आकडा इथंच टाकणार आहे. तुमच्या गावात तुम्हीही विचारा, कमेंटमध्ये लिहा. पैलवानांची नावं मात्र लिहू नका.