ट्रॅक्टर जप्त झाला म्हणून मालकी जात नाही



मृग तोंडावर आलेला, वखरपाळी राहिलेली, आणि ट्रॅक्टर ठाण्याच्या आवारात उभा. कोणत्याही तालुक्याच्या ठाण्यात जाऊन पाहा. कुंपणाशी जप्तीच्या गाड्या गंजत पडलेल्या असतात. टायर बसलेले, बॅटरी गायब, चाकांतून गवत उगवलेले. बँकेचा हप्ता मात्र चालूच. मालकाला विचारले तर म्हणतो, "केसचा निकाल लागला की मिळेल." हे त्याला कोणी सांगितले? कायद्याने तर नाही.

सर्वोच्च न्यायालयाने २००२ साली सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या खटल्यात स्वच्छ सांगितले, की जप्त वाहने ठाण्यात दीर्घकाळ ठेवण्यात काही अर्थ नाही. फोटो काढा, पंचनामा करा, जातमुचलका आणि हमी घ्या, वाहन परत द्या. १ जुलै २०२४ पासून फौजदारी प्रक्रिया संहिता जाऊन भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. तिचे कलम ४९७ म्हणते, न्यायालयापुढे आलेल्या मुद्देमालाचे वर्णन १४ दिवसांत तयार करा, फोटो किंवा चित्रीकरण करा आणि त्यानंतर ३० दिवसांत त्याचे काय करायचे तो आदेश द्या. वाहन न्यायालयापुढे नेलेच नसेल तर कलम ५०३ आहे. अर्ज न्यायदंडाधिकाऱ्यांकडे करायचा, सुपूर्तनाम्यावर वाहन मागायचे. ठाणेदाराच्या दारात खेटे घालून हे काम होत नाही. मधल्या दलालाने तर होतच नाही. त्याचे खिसे तेवढे भरतात.

पण आधी पाहा, वाहन धरले कोणी. कागदपत्रांसाठी मोटार वाहन कायदा १९८८ च्या कलम २०७ खाली अडवले असेल, तर कागद घेऊन परिवहन अधिकाऱ्याकडे सुटकेचा अर्ज करता येतो. मुरूम-वाळूसाठी महसूल खात्याने धरले असेल, तर जमीन महसूल संहितेचे कलम ४८ (८) लागते. त्यात वाहन ४८ तासांत जिल्हाधिकाऱ्यापुढे किंवा त्यांनी नेमलेल्या, उपजिल्हाधिकाऱ्यापेक्षा खालच्या दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्यापुढे हजर करावे लागते. ठरलेला दंड आणि बंधपत्र घेऊन ते सोडता येते. वर चोरीचा गुन्हाही नोंदवला असेल तर दोन्ही दारे ठोठवावी लागतात.

मालमत्तेचा हक्क १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने मूलभूत हक्कांतून काढून टाकला, हे दुखणे जुनेच आहे. तरीही कलम ३०० अ शिल्लक आहे. कायद्याच्या अधिकाराशिवाय कोणाचीही मालमत्ता काढून घेता येत नाही. "साहेबांनी सांगितलंय" हा कायद्याचा अधिकार नव्हे. म्हणून वाहन धरताच कलम कोणते ते विचारा, पंचनाम्याची नक्कल मागा. तीत टायर, बॅटरी, ट्रॉली, डिझेल सगळे लिहिलेले आहे का ते वाचूनच सही करा.

आपल्याकडचेही बोलले पाहिजे. ट्रॉलीची नोंदणी नाही, विमा संपून वर्ष झाले, ट्रॅक्टर अजून थोरल्या भावाच्या नावावर. अर्ज करणार कोण? अपघातात माणूस दगावला आणि विमा नसला, तर सुटका फार अवघड होते. पेरणीआधी एकदा पेटी उघडून कागद पाहा. ज्यांची वाहने आज ठाण्यात आहेत त्यांनी पंचनामा आणि नोंदणी पुस्तकाच्या नकला घेऊन जिल्हा बैठकीला यावे. अर्ज तिथेच लिहायला बसू.