पोशिंदा पुरुष आणि कायद्याचे घर

इंदूरहून महूकडे जाणाऱ्या रेल्वेमार्गावर शहर मागे पडू लागले की राजेंद्र नगर लागते. होळकरांच्या काळापासून इंदुरात रुजलेल्या मराठी घरांपैकी अनेकांची आजची वस्ती या भागात आहे. मार्ग छोटासाच. एका टोकाला ज्या इंदूरच्या कनिष्ठ न्यायालयात शाहबानो यांनी पोटगीचा अर्ज केला ते शहर, तर दुसऱ्या टोकाला ज्या महूत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा जन्म झाला ते गाव. कुटुंब आणि कायदा यांविषयी स्वतंत्र भारतात झालेल्या दोन मोठ्या वादांची नाळ अशी या एकाच मार्गाशी जुळलेली आहे. दोन्ही वादांत धर्माची चर्चा उदंड झाली. कायद्याने पुरुष कसा कल्पिला आहे, याची मात्र फारशी कोणी केली नाही.

नोव्हेंबर २०२५ मध्ये ‘हक’ हा हिंदी चित्रपट प्रदर्शित झाला आणि शाहबानो प्रकरण पुन्हा बातम्यांत आले. प्रदर्शन रोखण्यासाठी त्यांच्या वारसाने मध्य प्रदेश उच्च न्यायालयाच्या इंदूर खंडपीठाकडे धाव घेतली होती. खासगीपणा आणि लौकिक व्यक्तीबरोबरच संपतात, स्थावर-जंगम मालमत्तेसारखे ते वारशाने मिळत नाहीत, असे सांगून न्यायालयाने ती याचिका फेटाळली. हे तर्कशास्त्र बिनतोड असेल. पण ‘मालमत्तेसारखे’ हा शब्द या प्रकरणात विशेष बोचणारा आहे. मूळ खटल्यात मालमत्तेचा विषय कधी निघालाच नव्हता.

शाहबानो यांचा विवाह १९३२ सालचा. पती महंमद अहमद खान इंदूरचे वकील. १९४६ मध्ये त्यांनी दुसरा विवाह केला. पाच अपत्यांच्या आईला १९७५ मध्ये, म्हणजे त्रेचाळीस वर्षांच्या संसारानंतर, घराबाहेर काढण्यात आले. एप्रिल १९७८ मध्ये तिने फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १२५ खाली दरमहा ५०० रुपयांची मागणी केली. त्याच वर्षी ६ नोव्हेंबरला पतीने तलाक दिला आणि मेहेरचे ३,००० रुपये न्यायालयात भरले. पतीचे वार्षिक उत्पन्न सुमारे ६० हजार असल्याचे अर्जात नमूद होते. ऑगस्ट १९७९ मध्ये दंडाधिकाऱ्यांनी तिला मंजूर केले दरमहा २५ रुपये. उच्च न्यायालयाने जुलै १९८० मध्ये ही रक्कम १७९ रुपये २० पैशांवर नेली. एवढ्या रकमेविरुद्ध पती सर्वोच्च न्यायालयात गेला आणि २३ एप्रिल १९८५ रोजी पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने त्याचे अपील फेटाळून १० हजार रुपये खर्चही लावला.

पुढचे राजकारण सर्वज्ञात आहे. परंतु त्या २० पैशांवर नजर स्थिरावली तर निराळे काही दिसते. त्रेचाळीस वर्षे जे घर चालवले त्यात या स्त्रीचा वाटा किती, हा प्रश्न एकाही न्यायालयाने विचारला नाही, कारण तो विचारण्याची सोयच कायद्यात नव्हती. प्रश्न एकच होता: तिच्या पोटाला किती लागेल? ज्या तरतुदीखाली हा खटला चालला तिचे मूळ १८७२ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत आहे. ती रचणाऱ्या जेम्स फिट्झजेम्स स्टीफन यांच्या मते तिचा हेतू भटकेपणाला, निराधारपणाला आळा घालणे हा होता. टाकून दिलेली बायको रस्त्यावर येऊन सरकारला डोईजड होऊ नये, एवढीच त्यामागची काळजी. नवरा हा पोशिंदा. त्याने पोसावे, न पोसल्यास दंड भरावा, न भरल्यास तुरुंगात जावे. मिळकत, घर आणि निर्णय मात्र त्याचे.

१९८६ च्या कायद्याने मुस्लीम पुरुषाला या जबाबदारीतून इद्दतीपलीकडे मोकळे करण्याचा प्रयत्न केला, आणि ती जबाबदारी सोपवली कोणाकडे? तिची मुले, आईवडील, तिच्या वारसदार ठरू शकणारे नातेवाईक आणि शेवटी वक्फ मंडळ यांच्याकडे. म्हणजे पोशिंदा बदलला, कल्पना तीच राहिली. घटस्फोटित स्त्री पुन्हा माहेरच्या पदरात टाकली गेली. सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये डॅनियल लतीफी प्रकरणात त्या कायद्याचा अर्थ स्त्रीच्या बाजूने लावला आणि १० जुलै २०२४ रोजी कलम १२५ चा मार्ग मुस्लीम स्त्रीलाही खुला असल्याचे स्पष्ट केले. ३९ वर्षांचा फेरा पुरा करून प्रकरण जिथून निघाले तिथेच आले.

शाहबानो निकाल लिहिणारे सरन्यायाधीश यशवंत विष्णु चंद्रचूड पुण्यात जन्मलेले. त्या निकालाचा गौरव अजूनही होतो. मात्र त्यानंतर अवघ्या चौतीस दिवसांनी, २७ मे १९८५ रोजी, त्यांनीच सौमित्री विष्णु प्रकरणात लिहिलेल्या निकालाची आठवण क्वचितच काढली जाते. भारतीय दंड संहितेच्या कलम ४९७ नुसार व्यभिचारासाठी केवळ परपुरुषाला शिक्षा होई. विवाहित स्त्री गुन्हेगार नव्हे आणि तक्रारदारही नव्हे. तिच्या नवऱ्याची संमती वा मूक मान्यता असेल तर गुन्हाच घडत नसे. मोहात पाडणारा पुरुषच असतो, स्त्री नव्हे, ही सर्वमान्य समजूत आहे असे नोंदवून न्यायालयाने हे कलम वैध ठरवले आणि काळ बदलला असल्यास ते पाहणे कायदेमंडळाचे काम असल्याचे म्हटले. एका निकालातला पुरुष अन्न देणारा, दुसऱ्यातला मोह घालणारा. दोन्हीकडे कर्ता तोच. स्त्री एकदा पोसली जाते, एकदा पळवली जाते.

कलम ४९७ अखेर २७ सप्टेंबर २०१८ रोजी जोसेफ शाईन प्रकरणात रद्द झाले. त्या घटनापीठावर सौमित्री विष्णु निकाल लिहिणाऱ्या न्यायमूर्तींचे पुत्र धनंजय चंद्रचूड होते आणि स्वतंत्र निकालपत्र लिहून त्यांनी पित्याचे मत मोडीत काढले. (हिंदू संहिता विधेयकाच्या कोंडीनंतर आंबेडकरांनी कायदामंत्रिपद सोडले तीही २७ सप्टेंबरच, १९५१ ची. योगायोगच, पण ध्यानात राहण्याजोगा.) तरीही मोह घालणारा पुरुष कायद्यातून गेलेला नाही. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ८४ नुसार दुसऱ्याच्या पत्नीला अशा हेतूने फूस लावून नेणे हा आजही गुन्हा आहे, आणि लग्नाचे खोटे वचन देऊन शरीरसंबंध ठेवणाऱ्यासाठी कलम ६९ हे तर स्वतंत्र व नवे कलम आहे. त्याच संहितेत सज्ञान पत्नीवर पतीने केलेली बळजोरी बलात्काराच्या व्याख्येबाहेर आहे. बाहेरच्या पुरुषाविषयी कायद्याला जितका संशय, तितकाच घरातल्या पुरुषावर विश्वास.

या प्रतिमेचा जाच पुरुषालाही होतो, हे मान्य केल्याशिवाय चर्चा प्रामाणिक होत नाही. सप्टेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अंजू गर्ग प्रकरणात बजावले की धडधाकट पतीने अंगमेहनत करूनही कमवावे, पत्नी-मुलांना पोसण्याचे कर्तव्य टळत नाही. टाकून दिलेल्या पत्नीच्या दृष्टीने हे रास्तच आहे. पण नोकरी गेलेला किंवा मुळात न मिळालेला तरुण नवरा हे वाक्य वाचतो तेव्हा त्याच्या हाती कर्तव्य येते आणि नामर्दपणाचा शिक्काही. अलीकडे पोटगी आणि छळाच्या खटल्यांवरून पुरुषांच्या बाजूने उठणारा संताप पाहावा. त्यात ‘मीच का पोसायचे?’ हा प्रश्न ऐकू येतो. ‘मिळकत माझी एकट्याची का?’ हा नाही.

फेब्रुवारी २०२४ मध्ये इंदूरच्याच कुटुंब न्यायालयाने ब्युटी पार्लर चालवणाऱ्या पत्नीने बेरोजगार पतीला दरमहा ५ हजार रुपये द्यावेत, असा आदेश दिला. देशभर त्याची बातमी झाली ती नवलाईची म्हणून. वास्तविक १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात पतीलाही निर्वाह मागता येतो. ती तरतूद जवळपास सत्तर वर्षे तिथे आहे. कायदा पुढे असतो आणि समाज त्याला हसतो, असेही घडते. वर्षभराने, मार्च २०२५ मध्ये, इंदूर खंडपीठाने पत्नीला शिक्षण सोडायला भाग पाडणे ही मानसिक क्रूरता ठरवून एका स्त्रीला घटस्फोट मंजूर केला. त्यावर त्या मानाने चर्चा कमीच झाली.

महूच्या टोकाला निघालेल्या हिंदू संहितेचेही स्वरूप अर्धेच राहिले. एकपत्नीत्व आले, घटस्फोट आला, २००५ नंतर मुलीला वडिलोपार्जित मालमत्तेत मुलासारखा जन्मसिद्ध हक्कही आला. पण १९५६ च्या पालकत्व कायद्यात स्वाभाविक पालक आधी बाप, ‘त्याच्यानंतर’ आई. आणि १९५६ च्याच वारसा कायद्यात अपत्य नसलेली विधवा मृत्युपत्राविना गेली तर तिची स्वकष्टार्जित मालमत्ता तिच्या आईबापांआधी नवऱ्याच्या वारसांकडे जाते.

आता राजेंद्र नगरातील एका इमारतीत शेजारी राहणारी दोन घरे कल्पिली तर गोमंतकीय वाचकाला हा विषय आपल्या अंगणात आलेला दिसेल. एक कुटुंब पिढ्यान्‌पिढ्या इंदूरचे. सदनिका पतीच्या नावावर आहे. पत्नीला तिथे राहण्याचा हक्क आहे, मालकीचा नाही. दुसरे कुटुंब नोकरीनिमित्त आलेले, पण मूळचे व कायद्याने गोव्याचे. गोव्यात विवाह नोंदवताना वेगळा करार केला नसेल तर १८६७ च्या पोर्तुगीज नागरी संहितेप्रमाणे दोघांची मिळकत समाईक, निम्मी तिची. वारशाच्या बाबतीत गोमंतकीयाची गोव्याबाहेरची मालमत्ताही याच संहितेखाली येते, असे सर्वोच्च न्यायालयाने १३ सप्टेंबर २०१९ रोजी जुझे पावलु कुतिन्यु प्रकरणात ठरवले. त्यामुळे सदनिका इंदुरात असली तरी लेकींचा वाटा मृत्युपत्राने पुसून टाकता येत नाही. एका भिंतीच्या अलीकडे पोटगी, पलीकडे भागीदारी.

म्हणून गोव्याचा दाखला देशभर दिला जातो, आणि तो रास्त आहे. तथापि तिथल्या पुरुषाचे चित्र किती वेगळे, हे बारकाईने पाहायला हवे. मिळकत दोघांची असली तरी त्याच संहितेने तिचा कारभार पतीच्या हाती दिला. स्थावर विकताना पत्नीची सही लागते, एवढा लगाम ठेवला. २५ डिसेंबर १९१० च्या विवाहविषयक हुकूमनाम्याने संसार स्वातंत्र्य व समतेवर उभा असल्याचे जाहीर केले आणि लगेच पतीकडे पत्नी-मुलांच्या व मालमत्तेच्या रक्षणाचे, पत्नीकडे घरकामाच्या व्यवस्थेचे व नैतिक आधाराचे काम वाटून दिले. १८८० च्या हिंदूंविषयीच्या रूढी-संहितेत तर पत्नीला तिशीपर्यंत पुत्र झाला नाही तर ठरावीक अटींवर दुसऱ्या विवाहाची मुभा हिंदू पतीला होती. ती तरतूद आता कोणी वापरत नाही असे सांगितले जाते. परंतु पुत्राविना पुरुष अपुरा, ही समजूत तिथे कायद्याच्या भाषेत लिहिली गेली होती.

उत्तराखंडात जानेवारी २०२५ पासून समान नागरी कायदा लागू झाला. इतर राज्यांतही त्याची भाषा बोलली जाते, आणि प्रत्येक वेळी गोव्याचे नाव घेतले जाते. परंतु गोव्याकडून घेण्याजोगी जी मुख्य वस्तू, लग्नाच्या दिवसापासून मिळकतीतील अर्धा हिस्सा, ती उत्तराखंडाने घेतली नाही. एकरूपता हवी आहे. मालकी वाटून द्यायची नाही. खुद्द गोव्यातही ही वाटणी कुठवर पोहोचते, ते प्राप्तिकर कायद्यात दिसते. या संहितेखालच्या पती-पत्नींचे उत्पन्न करआकारणीसाठी निम्मे-निम्मे धरावे, असे तो कायदा सांगतो. घरभाडे निम्मे, व्याज निम्मे, धंद्याचा नफाही निम्मा. वगळले आहे ते फक्त एक उत्पन्न: पगार.