करणी नव्हे, आजार. कर्ज हे एकच कारण नव्हे

बोरी अरब : कापूस-सोयाबीनचा हंगाम हातचा गेला की घरातला कर्ता माणूस गप्प होतो. झोप उडते, जेवण जात नाही, चिडचिड वाढते. घरचे म्हणतात 'बाहेरचं लागलं', अन् पाय मांत्रिकाकडे वळतात. कोणी 'दारूनं वाया गेला' म्हणून मोकळं होतं.

मनाच्या आजाराला मात्र एकच कारण नसते. काही घराण्यांत तो आधीपासून असतो. त्यावर कर्ज, नापिकी, अपमान, दारू, एकटेपणा यांचा भार पडतो. म्हणूनच सारख्याच कर्जात एक शेतकरी तग धरतो, दुसरा खचतो. कर्जमाफी हवीच, पण तेवढ्यानं भागत नाही.

शेजारच्या अमरावती जिल्ह्यात 'विश्राम' प्रकल्पाने ३० गावांत गावातल्याच माणसांना समुपदेशन शिकवले. नैराश्य असलेल्यांत मदत घेणारे ४.३ टक्क्यांवरून २७.२ टक्क्यांवर गेले. आत्महत्येचा विचार मनात येणाऱ्यांचे प्रमाण ५.२ वरून २.५ टक्क्यांवर आले. म्हणजे विचारपूस करणारा माणूस गावातच लागतो.

दोन आठवडे अशी लक्षणं राहिली, तर आशाताईंना सांगा किंवा सरकारच्या टेली-मानसला १४४१६ वर फोन लावा. फोन फुकट आहे, रात्रंदिवस चालू असतो. मनात जिवाचं बरंवाईट येत असेल, तर दोन आठवडे थांबूच नका.