जुन्या हॅचबॅकसाठी चाकं घेताना: आधी आकडे, मग डिझाइन

पंधरा वर्षांपूर्वी हौसेनं घेतलेली स्विफ्ट, सँट्रो, फिगो किंवा जॅझ आजही कित्येक घरांत धावते आहे. इंजिन ठणठणीत असतं, सर्व्हिसिंग वेळेवर होतं आणि नवी गाडी घ्यायची तातडीही नसते. पण डिस्क गंजलेल्या असतात, खड्ड्यांत आपटून वाकलेल्या असतात आणि टायरची हवा दर आठवड्याला उतरते. मग कुणीतरी सुचवतं, ‘‘अलॉय टाकून घ्या, गाडी नवी दिसेल.’’ दुकानात गेल्यावर भिंतीवर चमकणारी चाकं दिसतात. दुकानदार म्हणतो, ‘‘चार नटांचं आहे ना? मग बसेल.’’

इथंच थोडं थांबा. चाक बसणं आणि चाक जुळणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. न जुळणारं चाकही गाडीला लागतं, नट आवळले जातात आणि गाडी दुकानातून बाहेरही पडते. त्रास सुरू होतो तो महामार्गावर, घरची चार माणसं गाडीत बसलेली असताना. म्हणून चाक निवडताना कोणते आकडे पाहायचे ते समजून घेऊ. हे काम मेकॅनिकचं आहे असं समजू नका. घरातल्या कुणालाही टेप आणि मोबाइलचा कॅमेरा घेऊन अर्ध्या तासात ते जमेल.

पहिला आकडा : पीसीडी

चाकावरच्या नटांच्या छिद्रांच्या मध्यातून एक वर्तुळ काढलं, तर त्या वर्तुळाचा व्यास म्हणजे पीसीडी. तो ४ x १०० असा लिहितात. म्हणजे छिद्रं चार आणि वर्तुळाचा व्यास १०० मिलिमीटर.

चार छिद्रांच्या चाकावर मोजणं सोपं आहे. एका छिद्राच्या आतल्या कडेपासून बरोबर समोरच्या छिद्राच्या बाहेरच्या कडेपर्यंतचं अंतर घ्या. तोच पीसीडी. पाच छिद्रं असतील तर समोरासमोर छिद्र येत नाही. तेव्हा शेजारच्या दोन छिद्रांच्या मध्यांतलं अंतर घेऊन त्याला १.७ ने गुणा.

२००५ साली भारतात आलेल्या पहिल्या पिढीच्या स्विफ्टचा पीसीडी ४ x १०० आहे. सँट्रो झिंग आणि जॅझ यांचाही तोच. जुन्या फिगोचा ४ x १०८, फियाट पॅलिओचा ४ x ९८, तर पोलोचा ५ x १००.

यात सर्वांत फसवी जोडी आहे ९८ आणि १०० ची. फरक अवघा दोन मिलिमीटरचा असल्यानं १०० चं चाक पॅलिओवर चढवता येतं. पण प्रत्येक बोल्ट किंचित तिरका ओढला जातो आणि त्याची बैठक पूर्ण लागत नाही. चालत्या गाडीत तो सैल होऊ शकतो किंवा तुटूही शकतो. टेपनं मोजताना दोन मिलिमीटरची चूक सहज होते. म्हणून आपलं माप चाकाच्या मागच्या बाजूला कोरलेल्या आकड्याशी आणि गाडीच्या माहितीशी ताडून घ्या.

दुसरा आकडा : मधलं छिद्र

चाकाच्या मधोमध असलेलं मोठं छिद्र गाडीच्या हबवर बसतं. हबमुळेच चाक नेमकं मध्यावर राहतं. स्विफ्टच्या हबचं माप ५४.१ मिलिमीटर, जॅझचं ५६.१, पोलोचं ५७.१ आणि फिगोचं ६३.४ आहे.

आता एक उदाहरण घेऊ. जॅझची आणि स्विफ्टची चाकं दोन्ही ४ x १००. स्विफ्टचं चाक जॅझवर चढवायला गेलात तर ते हबवर बसणारच नाही, कारण छिद्र दोन मिलिमीटरनं लहान आहे. उलट जॅझचं चाक स्विफ्टवर चढतं, पण चहूबाजूंनी एक-एक मिलिमीटर सैल राहतं. ही पोकळी भरायला हब रिंग नावाचं कडं मिळतं. ते प्लॅस्टिकचं किंवा अॅल्युमिनियमचं असतं आणि फार महाग नसतं. बाहेर मिळणाऱ्या बऱ्याच अलॉय चाकांचं मधलं छिद्र मुद्दाम मोठं ठेवलेलं असतं, जेणेकरून एकच चाक अनेक गाड्यांना विकता यावं. अशा चाकांसोबत आपल्या हबच्या मापाची रिंग मागून घ्या.

बॅलन्सिंग करूनही ताशी ८० ते १०० च्या वेगाला स्टिअरिंग थरथरत असेल, तर ही रिंग आहे की नाही ते आधी पाहा. अनेक जण पुन्हा पुन्हा बॅलन्सिंगचे पैसे देत राहतात आणि दोष मात्र वेगळ्याच जागी असतो.

तिसरा आकडा : ऑफसेट

चाकाच्या मागे ‘ईटी ४५’ असं काहीतरी कोरलेलं असतं. हा ऑफसेट. चाकाच्या रुंदीची मध्यरेषा आणि हबला टेकणारा पृष्ठभाग यांच्यातलं ते अंतर आहे, मिलिमीटरमध्ये. आकडा कमी झाला की चाक बाहेर येतं, वाढला की आत जातं.

रुंदीही सोबत बदलली तर हिशोब असा होतो. समजा, मूळ चाक ५ इंच रुंद आणि ईटी ४५ चं आहे. तुम्ही ६ इंच रुंद आणि ईटी ३५ चं घेतलं. एक इंच रुंदी वाढली म्हणजे दोन्ही बाजूंना १२.७ मिलिमीटर. त्यात ऑफसेटमुळे १० मिलिमीटर बाहेरच्या बाजूला. म्हणजे चाकाची बाहेरची कड जवळजवळ २३ मिलिमीटर पुढे आली. रिकाम्या गाडीत काही जाणवणार नाही. मागे तीन माणसं आणि डिकीत सामान भरून गतिरोधकावरून गेलात की टायर मडगार्डला घासेल. शिवाय व्हील बेअरिंगवरचा ताण वाढतो आणि जुन्या गाडीची बेअरिंगं आधीच थकलेली असतात. मूळ ऑफसेटच्या पाच मिलिमीटर अलीकडे-पलीकडे राहिलात तर सहसा अडचण येत नाही.

चौथा आकडा : चाक आणि टायर मिळून उंची

रिम मोठी घेतली की टायरची भिंत कमी करावी लागते, म्हणजे एकूण उंची तीच राहते. हिशोब घरी करता येतो. टायरची रुंदी गुणिले दुसऱ्या आकड्याची टक्केवारी म्हणजे भिंतीची उंची. तिची दुप्पट करा आणि रिमचे इंच गुणिले २५.४ त्यात मिळवा.

पहिल्या स्विफ्टच्या साध्या मॉडेलचा टायर १६५/८० आर१४. त्याची भिंत १३२ मिलिमीटर, एकूण उंची सुमारे ६२० मिलिमीटर. याच गाडीच्या वरच्या मॉडेलला १८५/७० आर१४ येत असे. त्याची उंची सुमारे ६१५, म्हणजे फरक नगण्य. १५ इंची रिम घ्यायची तर १९५/६० आर१५ ची उंचीही साधारण ६१५ भरते, तर १८५/६० आर१५ ची ६०३.

सँट्रो झिंगचा टायर १५५/७० आर१३, उंची सुमारे ५४७. तिला १४ इंची रिमवर १६५/६० घेतला तर उंची ५५४ होते, चालेल. तोच १६५/६५ घेतला तर ५७० होते, म्हणजे चार टक्क्यांनी जास्त. हे नको. उंची वाढली की स्पीडोमीटर प्रत्यक्षापेक्षा कमी वेग दाखवू लागतो, पिकअप मंदावतो आणि पूर्ण वळणावर टायर आत घासू शकतो. तीन टक्क्यांच्या आत राहणं हा सोपा नियम.

टायरवर मापानंतर आणखी एक आकडा आणि अक्षर असतं. उदाहरणार्थ ७५टी. यातला ७५ म्हणजे तो टायर ३८७ किलो भार पेलतो, ८५ म्हणजे ५१५ किलो. नवा टायर मूळ टायरपेक्षा कमी भाराचा कधीच घेऊ नका. चाकावरही किती किलो भार चालेल ते कोरलेलं असतं. तेही वाचा.

नट बदलले का?

चाक सगळ्या मापांत जुळलं, तरी नट चुकीचे असले तर सगळं व्यर्थ. मारुतीच्या हॅचबॅकचे नट १२ x १.२५ आट्यांचे, तर ह्युंदाई, होंडा आणि टोयोटाचे १२ x १.५. दोन्ही बाहेरून सारखेच दिसतात. चुकीचा नट जोर लावून फिरवला तर स्टडचे आटे जातात.

नटाची बैठकही पाहा. होंडाच्या मूळ चाकांना गोलसर बैठकीचे नट लागतात, तर बाहेरच्या बहुतेक अलॉयना शंकूसारख्या बैठकीचे. गोल नट शंकूच्या बैठकीवर पूर्ण टेकत नाही. चाक लावताना नट आधी हातानं फिरवायला सांगा. किमान सात-आठ पूर्ण फेरे बसले पाहिजेत. शेवटची आवळणी टॉर्क पान्यानं करून घ्या. छोट्या हॅचबॅकसाठी ती साधारण ८५ ते ११० न्यूटन-मीटर असते, नेमका आकडा गाडीच्या पुस्तकात मिळेल. पाइप लावून पान्यावर उभं राहणं म्हणजे आवळणी नव्हे. आणि ८०-१०० किलोमीटर झाल्यावर नट पुन्हा तपासून घ्या.

लोखंडी की अलॉय?

अलॉय दिसायला देखणं, पण जोराच्या खड्ड्यात ते तडकतं. लोखंडी डिस्क वाकते आणि बऱ्याचदा ठोकून सरळ होते. तुमचा रोजचा रस्ता खराब असेल किंवा गावी जाताना कच्ची वाट लागत असेल, तर मूळ मापाची नवी लोखंडी डिस्क आणि उंच भिंतीचा टायर हा शहाणपणाचा पर्याय. त्यावर नवी व्हील कॅप लावली की गाडी नीटनेटकीच दिसते. वाचलेल्या पैशांत चांगले टायर येतील. ब्रेक लावल्यावर गाडी किती अंतरात थांबेल, हे टायर आणि ब्रेक ठरवतात. चाकाच्या डिझाइनचा त्याच्याशी संबंध नाही.

जुन्या बाजारातून घेताना

दिल्लीचं मायापुरी, मुंबईचं कुर्ला, चेन्नईचं पुदुपेट किंवा कोलकात्याचा मल्लिक बाजार, इथं जुनी मूळ चाकं मिळतात. बंद झालेल्या मॉडेलसाठी हा चांगला मार्ग आहे. फक्त एवढं पाहा :

* चाक बॅलन्सिंग यंत्रावर फिरवून बघा. कड वर-खाली किंवा डावी-उजवीकडे डुलत असेल तर परत करा.
* आतली बाजू धुऊन पाहा. वेल्डिंगची रेघ, भरलेली भेग किंवा नुकताच मारलेला जाड रंग दिसला तर घेऊ नका.
* नटांची छिद्रं लंबगोल झालेली नाहीत ना, ते पाहा.
* सोबत टायर मिळत असेल तर त्यावरचा चार आकडी कोड वाचा. २३१९ म्हणजे २०१९ सालचा २३ वा आठवडा. नक्षी शिल्लक असली तरी जुनं रबर कडक झालेलं असतं. नक्षीची खोली १.६ मिलिमीटरपेक्षा कमी असेल तर तो टायर कायद्यानंही चालत नाही.

नवी चाकं घेत असाल तर त्यावर आयएसआय चिन्ह आहे का ते पाहा आणि बिल घ्या. अलॉय बसवल्याचं विमा कंपनीला लेखी कळवा, नाहीतर चोरी किंवा अपघातानंतर त्यांची भरपाई मागताना वाद होतो.

स्टेपनी विसरू नका

चारही चाकं बदलली जातात आणि पाचवं तसंच डिकीत पडून राहतं. नव्या चाकांची उंची वेगळी असेल, तर जुनी स्टेपनी फक्त जवळच्या पंक्चरवाल्यापर्यंत जाण्यापुरतीच वापरा आणि वेग कमी ठेवा. अलॉयचे नट लोखंडी स्टेपनीला चालतीलच असं नाही. म्हणून जुने चार-पाच नट एका पिशवीत घालून डिकीतच ठेवा. रात्री, पावसात, मुलं गाडीत असताना या पिशवीची किंमत कळते.

निघण्याआधी

खासगी गाडीची नोंदणी १५ वर्षांनी संपते आणि तपासणी करून पुढच्या ५ वर्षांसाठी नूतनीकरण करावं लागतं. तुमच्या गाडीची ती तारीख जवळ आली असेल, तर आधी नूतनीकरण होईल का ते पाहा, मग चाकांवर खर्च करा. दिल्ली परिसरात राहत असाल तर जुन्या गाड्यांचे तिथले सध्याचे नियमही बघून घ्या. मडगार्डच्या बाहेर आलेली चाकं तपासणीत अडतात, हेही ध्यानात असू द्या.

आज घरी एवढंच करा. गाडीच्या एका चाकाचा, टायरच्या भिंतीवरच्या मापाचा आणि चालकाच्या दाराजवळच्या हवेच्या दाबाच्या स्टिकरचा फोटो काढा. पीसीडी, मधलं छिद्र, ऑफसेट, रुंदी आणि नटांचे आटे, हे पाच आकडे मोबाइलमध्ये लिहून ठेवा. दुकानात गेल्यावर आधी ही यादी पुढे करा. यातला एकही आकडा जो दुकानदार तुम्हाला चाकावर दाखवू शकणार नाही, त्याच्याकडून चाक घेऊ नका, सूट कितीही मोठी असली तरी.