ठेवीदारांनीच निकालापर्यंत का थांबावे?

ठेवी बुडाल्या की गुन्हा नोंदला जातो, संचालकांना अटक होते, मालमत्तेवर जप्ती येते आणि काही दिवसांनी वर्तमानपत्रांतून ती बातमी नाहीशी होते. ठेवीदाराचे खरे हाल त्यानंतर सुरू होतात. रत्नागिरी जिल्ह्यातील असंख्य घरे पिढ्यान्‌पिढ्या मुंबईच्या मनीऑर्डरवर चालली. गिरणीत किंवा बोटीवर राबून शिल्लक टाकलेला पैसा ओळखीच्या एजंटाने दारी येऊन दोन टक्के अधिक व्याज सांगितल्यावर खाजगी वित्तसंस्थेत गेला. याला लोभ म्हणणे हा शहाजोगपणा आहे.

जप्त मालमत्ता विकून आलेला पैसा खटल्याचा निकाल लागण्यापूर्वी ठेवीदारांना द्यावा की नाही, असा प्रश्न निघाला की ‘प्रकरण न्यायप्रविष्ट आहे’ हे ठरीव उत्तर मिळते. परंतु कायदा तसे सांगत नाही. महाराष्ट्राने 1999 साली ठेवीदारांच्या हितसंबंधांचे संरक्षण करणारा कायदा केला. त्यातील चौथ्या कलमान्वये सरकार मालमत्ता जप्त करते व ती किमान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या सक्षम प्राधिकाऱ्याकडे जाते. त्याने 30 दिवसांत विशेष न्यायालयाकडे जप्ती कायम करण्यासाठी व लिलावासाठी अर्ज करावयाचा. न्यायालयाने हरकती संक्षिप्त पद्धतीने ऐकून 180 दिवसांत जप्तीविषयी आदेश द्यावयाचा आणि पुढे रकमेचे समन्यायी वाटप करावयाचे. या साखळीत आरोपी दोषी ठरलाच पाहिजे, अशी अट कोठेही नाही. शिक्षेचा खटला तिसऱ्या कलमाखाली स्वतंत्र चालतो.

मोठ्या धनकोंच्या बाबतीत निकालाची वाट पाहिली जात नाही, हे याच जिल्ह्याने पाहिले आहे. गुहागर तालुक्यातील एन्‌रॉनचा दाभोळ प्रकल्प 2001 साली बंद पडला. 2005 साली तो न्यायालयाच्या रिसीव्हरच्या ताब्यातून एनटीपीसी, गेल व बँका यांच्या भागीदारीतील रत्नागिरी गॅस अँड पॉवर कंपनीकडे गेला. त्या करारातील भ्रष्टाचाराविषयीची याचिका सर्वोच्च न्यायालयाने बंद केली ती 2019 मध्ये! तोपर्यंत मालमत्ता अडवून ठेवावी, असे कोणाला सुचले नाही, आणि ते योग्यच झाले. विजय मल्ल्यांच्या जप्त मालमत्तेतून सरकारी बँकांना 14,131 कोटी रुपये परत मिळाल्याचे अर्थमंत्र्यांनी डिसेंबर 2024 मध्ये लोकसभेत सांगितले. मल्ल्या तेव्हा ब्रिटनमध्ये होते आणि त्यांच्यावरील येथील फौजदारी खटल्याचा निकाल लागलेला नव्हता.

आरोपी निर्दोष सुटला तर काय, हा आक्षेप मात्र झटकून टाकण्याजोगा नाही. निर्दोषत्वाचे गृहीतक हे राज्यसत्तेविरुद्धचे नागरिकाचे संरक्षण आहे, आणि समाजवाद्यांनी तरी ते विसरू नये. पण फौजदारी निकाल कपटाविषयी असतो. मुदत संपलेली ठेव परत करण्याचे दायित्व कपट नसले तरी उरतेच. ते साधे ऋण आहे. ज्या मालमत्तेच्या मालकीविषयीच खरा वाद आहे, तिचा पैसा न्यायालयात राखून ठेवावा. उरलेला अडविण्याचे कारण नाही.

विलंबाची किंमत साध्या अंकगणिताने काढता येते. भाववाढ वर्षाला 6 टक्के धरली तर बारा वर्षांनी हाती आलेल्या शंभर रुपयांत आजच्या पन्नास रुपयांचाच माल येतो. शिवाय रिकाम्या इमारती पडतात, बागा रान होतात, यंत्रे गंजतात; लिलावास उशीर होईल तितकी वाटावयाची रक्कमच आटते. आरोपीचाही यात तोटाच आहे, कारण त्याचे देणे तितके कमी फिटते.

एक मोठा अडसर मात्र दूर झाला आहे. नॅशनल स्पॉट एक्स्चेंजच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 15 मे 2025 रोजी असा निर्णय दिला, की या राज्य कायद्याखाली जप्त झालेल्या मालमत्तेवर तारण-धनको बँकांना अग्रहक्क सांगता येणार नाही. तेव्हा ‘बँकेचा बोजा आहे’ हे उत्तरही आता पुरेसे नाही.

जिल्ह्यातील कार्यकर्त्यांनी तालुक्यातालुक्यांतून ठेवीदारांचे दावे कागदपत्रांसह भरून द्यावेत आणि प्रत्येक प्रकरणात तीन तारखा लेखी मागाव्यात: जप्तीची अधिसूचना कधी निघाली, सक्षम प्राधिकाऱ्याचा अर्ज न्यायालयात कधी गेला आणि 180 दिवस कधी संपले. दुसरी तारीखच नसेल, तर मोर्चा न्यायालयावर नव्हे, जिल्हाधिकारी कचेरीवर न्यावा लागेल.