जंगल राखणाऱ्या गावाला कारभारही द्या

छत्तीसगडच्या वन विभागाने मे 2025 मध्ये एक पत्र काढले. सामूहिक वनहक्क मिळालेल्या जंगलांच्या व्यवस्थापनात मुख्य यंत्रणा आपणच राहू आणि केंद्राकडून नमुना आराखडा येईपर्यंत कोणी परस्पर आपले आराखडे राबवू नयेत, असा त्याचा आशय होता. ठिकठिकाणच्या ग्रामसभा रस्त्यावर उतरल्या आणि जुलैच्या सुरुवातीला ते पत्र मागे घ्यावे लागले. आपल्याकडे या बातमीची फारशी दखल घेतली गेली नाही. ती घ्यायला हवी होती, कारण छत्तीसगडच्या हद्दीला लागूनच आपला गडचिरोली जिल्हा आहे आणि सामूहिक वनहक्क देशात सर्वांत आधी मिळाला तो याच जिल्ह्यातल्या मेंढा-लेखा आणि मर्दा या गावांना, 2009 साली.

हक्काचा कागद आज कितीतरी गावांच्या पेटीत आहे. पण यंदा कुठल्या भागातला बांबू तोडायचा, कुठला भाग काही वर्षे बंद ठेवायचा, मोकळ्या जागेत कोणते रोप लावायचे, हे ठरवायची वेळ आली की कागद पेटीतच राहतो आणि वन विभागाची कार्य आयोजना, म्हणजे खात्याचा स्वतःचा व्यवस्थापन आराखडा, टेबलावर येते. 2006 च्या वनहक्क कायद्याने जंगलाचे रक्षण, संवर्धन आणि व्यवस्थापन हे तिन्ही अधिकार ग्रामसभेला दिले. त्यातला रक्षणाचा अधिकार गावाने वापरलेला वन विभागाला आवडतो. व्यवस्थापनाचा मात्र सोसवत नाही.

मेंढ्याची गोष्ट महाराष्ट्राला माहीत आहे, पण ती बहुतेक वेळा गौरवाच्या सुरात सांगितली जाते आणि त्यातला संघर्ष गळून पडतो. धानोरा तालुक्यातले हे चार-पाचशे वस्तीचे गोंड गाव. ‘दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार’ ही घोषणा इथली. देवाजी तोफा यांच्यासारख्या माणसांनी ग्रामसभेचे निर्णय सर्वसहमतीने घ्यायची शिस्त वर्षानुवर्षे पाळली. गावाला सुमारे 1,800 हेक्टर जंगलावर हक्क मिळाला. बांबू गौण वनोपज आहे आणि त्याची मालकी गावाची आहे, हे नव्या कायद्यात स्पष्ट शब्दांत लिहिलेले. पण 1927 च्या भारतीय वन कायद्यात बांबूची गणना झाडांत होती आणि वन विभाग त्या जुन्या व्याख्येला चिकटून बसला. गावाने बांबू तोडावा, पण वाहतूक परवाना मिळणार नाही. म्हणजे तो बांबू नाक्यापुढे जाणार नाही. सरकारी जंगलातला बांबू दशकानुदशके कागद कारखान्याला सवलतीच्या दराने जात होता, त्या वाहतुकीला मात्र कधी अडचण आली नव्हती.

शेवटी 27 एप्रिल 2011 रोजी केंद्रीय मंत्री जयराम रमेश आणि मुख्यमंत्री पृथ्वीराज चव्हाण मेंढ्यात आले आणि वाहतूक परवान्याचे पुस्तक ग्रामसभेच्या हाती दिले. कायदा संसदेत मंजूर होऊन चार वर्षे उलटली होती. परवान्यांच्या एका पुस्तकासाठी केंद्रीय मंत्री आणि मुख्यमंत्री गावात यावे लागतात, यातूनच खात्याच्या मनात काय होते ते दिसते. पुढे 2012 च्या नियमांनी परवाना देण्याचा अधिकार ग्रामसभेच्या समितीला दिला आणि 2017 मध्ये वन कायद्यातल्या झाडाच्या व्याख्येतून बांबू वगळला गेला.

आता हा बांबू तोडतात कसा, ते पाहू. बेटातले यंदाचे कोंब, ज्यांना तिकडे वास्ते म्हणतात, बहुतेक कडेला फुटतात. त्यांना हात लावायचा नाही. गेल्या वर्षीचा बांबू त्यांना आधार देतो, तोही राखायचा. तोडायचा तो तीन वर्षांपुढचा, आणि तो असतो आत, मधोमध, गुंत्यात. तिथवर पोचायला वेळ जातो, हात सोलवटतात. घाव घालायचा तो जमिनीपासून वीतभर उंचीवर, पेराच्या लगेच वर, म्हणजे पोकळीत पाणी साचून बुंधा कुजत नाही. ठेकेदाराच्या मजुराला मजुरी नगावर मिळते. त्याला कडेचा बांबू सोपा पडतो, आणि त्याबद्दल त्याला दोष देता येत नाही, कारण पोट नगावर आहे. पण हंगामामागून हंगाम बेटाची कडच कापली गेली की आतला गुंता तसाच राहतो आणि बेट खचते. गंमत नाही, खंत आहे की हे सगळे नियम वन विभागाच्या पुस्तकातही जवळपास असेच लिहिलेले आहेत. ते पाळले जातात की नाही, हे ठरते पुढच्या वर्षी त्याच बेटापाशी परत कोणाला यायचे आहे त्यावर. ठेकेदाराला यायचे नसते. वनरक्षकाची बदली झालेली असते. गाव तिथेच असते.

चंद्रपूर जिल्ह्यात गोंडपिपरी तालुक्यातल्या पाचगावचे उदाहरण मला याहूनही मोलाचे वाटते. 2012 मध्ये या गावाला सुमारे हजार हेक्टर जंगलावर हक्क मिळाला. गावकरी बांबू स्वतः तोडतात, स्वतः विकतात. पण तेंदूपत्ता त्यांनी तोडायचा नाही असे ठरवले. तेंदूपत्ता म्हणजे पूर्व विदर्भात उन्हाळ्याचा रोख पैसा. पहाटे जंगलात जायचे, दुपारपर्यंत पाने आणायची आणि घरातल्या सगळ्यांनी बसून पुडे बांधायचे. हा पैसा पाचगावने सोडला. कोवळी पाने यावीत म्हणून झुडपे छाटली जातात, आगी लावल्या जातात, आणि पाने गेली की फळ धरत नाही. ती फळे माणसेही खातात आणि पाखरेही. शिवाय जंगलाचा एक भाग गावाने देवराई म्हणून राखला, तिथे कोणीही काही तोडायचे नाही. महसूल सोडून फळ राखा, असे कुठल्या कार्य आयोजनेत लिहिले गेले असते?

समोरच्या बाजूचे म्हणणे मी हलके घेत नाही. वन विभागात मन लावून काम करणारे अधिकारी आहेत आणि वन्यजीवांसाठी आयुष्य घातलेले अभ्यासकही. प्रत्येक गाव मेंढा नसते, हे त्यांचे म्हणणे खरे आहे. तेंदूच्या लिलावात ठेकेदार गावातल्या दोन-चार जणांना हाताशी धरतो, ग्रामसभेचे पैसे थकवतो, हिशेबाची वही कोरी राहते. वणवे लागतात, अतिक्रमणेही होतात. पण वही कोरी राहते म्हणून वही काढून घेणे हा उपाय नव्हे. हिशेब शिकवणारा माणूस द्या. आणि खात्याच्या शास्त्रीय व्यवस्थापनाचा हिशेबही मांडू या. वनविकास महामंडळ 1974 मध्ये स्थापन झाले. तेव्हापासून त्याने कितीतरी ठिकाणी मिश्र जंगल तोडून तिथे साग लावला. सागातून मोह मिळत नाही, चारोळी मिळत नाही, बांबू मिळत नाही. अस्वलाला तिथे खायला काही नाही आणि माणसालाही नाही.

वाघांचा प्रश्न यात सर्वांत अवघड आहे. मे 2025 मध्ये सिंदेवाही तालुक्यात तेंदूपत्ता तोडायला गेलेल्या तीन बायका वाघाच्या एकाच हल्ल्यात दगावल्या. वाघ वाढले याचा आपण शहरांत अभिमान बाळगतो. त्याची किंमत कोण देते हेही त्याच वेळी बोलले पाहिजे. कोणत्या पट्ट्यात वाघीण पिल्लांसह आहे, कुठला भाग काही दिवस बंद ठेवायचा, हे ठरवताना वन विभागाला गावाची आणि गावाला वन विभागाच्या कॅमेऱ्यांची गरज आहे. हुकूम देणारा आणि ऐकणारा असे नाते राहिले तर हे जमणार नाही.

गावाच्या बांबूला इतकी चौकशी लावणारी व्यवस्था खाणीपुढे मात्र फार लवकर वाकते. एटापल्ली तालुक्यात सुरजागडच्या डोंगरावर 2007 मध्ये 348 हेक्टरचा लोहखनिजाचा पट्टा दिला गेला. हा डोंगर ठाकूरदेवाचा, आसपासच्या गावांचे श्रद्धास्थान. 2023 मध्ये इथली उत्खननाची क्षमता वर्षाला 30 लाख टनांवरून एक कोटी टनांवर नेण्यास मंजुरी मिळाली. जंगल दुसऱ्या कामासाठी वळवायचे तर आधी ग्रामसभेची संमती घ्या, हा दंडक 2009 मध्ये केंद्रानेच घातला होता. 2022 च्या वन संवर्धन नियमांनी ती अट केंद्राच्या मंजुरीआधीच्या टप्प्यातून काढली आणि जबाबदारी राज्यावर टाकली. दिल्लीची मंजुरी हातात आल्यावर गावाला विचारायचे, याला विचारणे म्हणत नाहीत.

या राज्याला हे भांडण नवे नाही. जोतीराव फुल्यांनी 1883 मध्ये ‘शेतकऱ्याचा असूड’ लिहिला तेव्हा जंगल खात्याने गायराने कशी गिळली, हा त्यातला एक मोठा आरोप होता. 25 सप्टेंबर 1930 रोजी उरणजवळच्या चिरनेरला जंगल सत्याग्रहींवर गोळ्या चालल्या, त्या जंगलावरच्या हक्कासाठीच. खाते तेव्हा परक्या सरकारचे होते. आज ते आपले आहे, म्हणून त्याच्याकडून अपेक्षाही जास्त आहे.

2012 च्या नियमांत एक तरतूद आहे, तिच्याकडे मंत्रालयाने पाहावे. ग्रामसभेची समिती आपल्या जंगलाचा संवर्धन आणि व्यवस्थापन आराखडा करील. तो वन विभागाच्या कार्य आयोजनेशी जोडताना काय बदल करायचे हे ती समितीच ठरवील. म्हणजे शेवटचा शब्द ग्रामसभेचा. महाराष्ट्राने यावर एक स्वच्छ शासन निर्णय काढावा: ज्या ग्रामसभेचा आराखडा मंजूर आहे, तिथे कार्य आयोजनेने त्या आराखड्याशी जुळवून घ्यायचे. अशा जंगलात भरपाई वनीकरणाच्या निधीतून एक रोपही ग्रामसभेच्या ठरावाशिवाय लावायचे नाही, आणि त्या निधीचा वाटा थेट ग्रामसभेच्या खात्यात जमा करायचा. विदर्भातल्या आमदारांनी नागपूरच्या हिवाळी अधिवेशनात हा प्रश्न विचारावा आणि तारखेसह उत्तर मागावे.